सतरंज्या उचलणाऱ्यांची नावं कोण लक्षात ठेवतं? (अमेरिकेतली नागरी हक्क चळवळ)

बिनकामाचा_बाप

नमस्कार मंडळी. लेकीला वर्गात दहा मिनिटं बोलायचंय, विषय रोझा पार्क्स. तिनं लिहून आणलंय ते साधारण असं, की एक शिवणकाम करणारी बाई दिवसभर काम करून दमली होती, बसमध्ये गोऱ्या माणसासाठी उठली नाही, अटक झाली, मग मार्टिन ल्युथर किंग आले, त्यांनी भाषण केलं, कायदा बदलला. संपलं! मी सहज विचारलं, अगं गुरुवारी संध्याकाळी अटक झाली आणि सोमवारी सकाळी गावातली हजारो माणसं बसमध्ये चढलीच नाहीत, त्यांना हे सांगितलं कोणी? व्हॉट्सॅप होतं का १९५५ ला? तर म्हणे बाबा, ते पुस्तकात नाहीये.

आता मी स्वतः पंधरा वर्षं एका संघटनेत सतरंज्या उचलल्यात. मोर्चा आपोआप "निघत" नाही हे मला पक्कं माहितीय, कोणीतरी रात्र रात्र जागून तो काढत असतं, आणि दुसऱ्या दिवशी फोटोत ते माणूस नसतं कारण ते मागे पाण्याचे ड्रम भरत असतं. तर प्रश्न असा की तिकडचे हे ड्रम भरणारे कोण होते, त्यांची नावं का गायब झाली, आणि त्यांनी केलेल्या कामातलं आज काही शिल्लक आहे का? लेकीसाठी विचारतोय म्हणा, पण खरं तर मलाच हवंय.

शाईचे_डाग

तुमच्या लेकीला नाव द्या, जो अ‍ॅन रॉबिन्सन. हे सगळं घडलं त्या माँटगोमेरी शहरातल्या अलाबामा स्टेट कॉलेजात इंग्रजी शिकवायच्या आणि विमेन्स पोलिटिकल कौन्सिल नावाची काळ्या बायकांची संघटना होती तिच्या अध्यक्ष. या बायकांनी मे १९५४ मध्येच महापौरांना पत्र लिहून कळवलं होतं की बसमधली वागणूक सुधारा, नाहीतर लोक बस सोडायच्या विचारात आहेत. म्हणजे रोझा पार्क्सना अटक व्हायच्या दीड वर्ष आधी! बहिष्काराची कल्पना त्या संध्याकाळी कुणाला सुचली वगैरे नाही, बायका तयारच बसल्या होत्या.

१ डिसेंबर १९५५, गुरुवारची रात्र. अटकेची बातमी कळल्यावर रॉबिन्सनबाईंनी पत्रकाचा मजकूर लिहिला, कॉलेजातल्या एका सहकाऱ्याला गाठलं, दोन विद्यार्थ्यांना सोबत घेतलं आणि मध्यरात्री कॉलेजचं सायक्लोस्टाईल मशीन सुरू केलं. एका कागदावर तोच मजकूर तीनदा, म्हणजे कागद कापला की तीन पत्रकं. पहाटे चारपर्यंत हजारोंनी पत्रकं छापून, कापून, गठ्ठे बांधून झाले, मग कुठला गठ्ठा कुठे जाणार ते ठरलं, आणि त्यानंतर बाई सकाळी आठचा तास घ्यायला वर्गात उभ्या!! तास संपला की गाडी काढून शाळा शाळांतून गठ्ठे टाकत फिरल्या. आणि हे सगळं गुपचूप, कारण कॉलेज सरकारी पैशावर चालायचं, त्यांचा कागद आणि शाई यासाठी वापरली हे बाहेर आलं असतं तर नोकरी गेली असती. म्हणजे नाव का नाही याचं पहिलं उत्तर इथेच आहे, नाव तेव्हा मुद्दामच लपवलेलं होतं.

सोमवारी एक दिवस बस बंद ठेवायची असं ठरलं होतं, ते चाललं ३८१ दिवस. वर्षभर लोकांना कामावर पोचवायला गाड्या लागतात, गाड्यांना पेट्रोल लागतं. जॉर्जिया गिल्मोर नावाच्या स्वयंपाकीण बाईंनी आणखी बायका जमवून केक, पाय, तळलेलं चिकन विकून पैसे उभे केले. त्यांच्या गटाचं नाव होतं "क्लब फ्रॉम नोव्हेअर", म्हणजे पैसे कुठून आले कोणी विचारलं तर उत्तर "कुठूनच नाही". गोऱ्यांच्या घरी कामाला जाणाऱ्या बायका त्यात होत्या ना, नावं फुटली तर संपलंच. खुद्द गिल्मोरबाईंनी कोर्टात साक्ष दिली आणि त्यांची नोकरी गेली, मग घरूनच डबे करायला लागल्या.

आणि ते "दमलेली शिंपीण" तेवढं खोडा प्लीज. रोझा पार्क्स १९४३ पासून एनएएसीपीच्या, म्हणजे काळ्यांच्या हक्कांसाठी लढणाऱ्या देशव्यापी संघटनेच्या, स्थानिक शाखेच्या सेक्रेटरी होत्या. १९४४ मध्ये रेसी टेलर या बाईवर सामूहिक बलात्कार झाला तेव्हा चौकशीला त्याच गेल्या होत्या. अटकेच्या चार महिने आधी हायलँडर नावाच्या टेनेसीतल्या शिबिरात जाऊन आल्या होत्या. मला तर वाटतं विसरलेल्या कार्यकर्त्यांत पहिलं नाव रोझा पार्क्स यांचंच घालावं, चेहरा सगळ्यांना माहीत आणि बाईंनी बारा वर्षं केलेलं काम कोणालाच नाही.

उलटतपासणी

वरचं सगळं बरोबर, पण "विसरले गेले" हा शब्द मला खटकतो. त्यात कोणाचाच दोष नाही असं वाटतं, जसं छत्री रिक्षात विसरली. काही लोक स्वतःहून मागे राहिले, काहींना आपल्याच लोकांनी मागे ढकललं, या दोन गोष्टी वेगळ्या आहेत.

दुसऱ्या प्रकारात क्लॉडेट कॉल्विन. १५ वर्षांची शाळकरी पोरगी, २ मार्च १९५५ ला, म्हणजे पार्क्स यांच्या नऊ महिने आधी, त्याच माँटगोमेरीत सीटवरून उठायला नकार दिला, पोलिसांनी ओढून नेलं. पुढाऱ्यांनी विचार केला आणि ठरवलं की हिच्यावर चळवळ उभी करायची नको, वय लहान, त्यात नंतर ती गरोदर राहिली. बरं, वकिली डोक्याने पाहिलं तर निर्णय चूक म्हणवत नाही, समोरची बाजू तिच्या चारित्र्यावरच सगळा खटला नेणार हे दिसत होतं. पण गंमत पुढे आहे. बसमधला भेदभाव घटनाबाह्य ठरला तो ज्या खटल्यात, ब्राउडर विरुद्ध गेल, त्यात फिर्यादी चार बायका होत्या आणि त्यातली एक क्लॉडेट! रोझा पार्क्स त्या खटल्यात नव्हत्याच. जिला चळवळीचा चेहरा म्हणून नाकारलं तिच्याच साक्षीवर सुप्रीम कोर्टापर्यंत जिंकले. आणि तिच्या स्वतःच्या अटकेचं रेकॉर्ड पुसलं गेलं ते २०२१ मध्ये.

दुसरा बायर्ड रस्टिन. २८ ऑगस्ट १९६३ चा वॉशिंग्टनचा मोर्चा, अडीच लाख माणूस, तयारीला जेमतेम दोन महिने, सगळी जुळवाजुळव या माणसाची. बस किती, संडास किती, पिण्याचं पाणी कुठे, सावलीत न ठेवता टिकेल असं खाणं कोणतं, लांबचं ऐकू जाईल असा लाऊडस्पीकर कुठून भाड्याने आणायचा. न्यूयॉर्कच्या एका चर्चमध्ये स्वयंसेवकांनी चीज सँडविचचे ८०,००० डबे भरले. मूळ प्रश्नकर्त्यांना हे आवडेल, तुमच्या पाण्याच्या ड्रमांचाच हा मोठा भाऊ.

पण रस्टिन समलैंगिक होता, तरुणपणी कम्युनिस्टांबरोबर होता, १९५३ मध्ये त्यावरून, म्हणजे समलैंगिकतेवरून, अटकही झाली होती. १९६० मध्ये आपल्याच बाजूच्या एका काळ्या खासदाराने, अ‍ॅडम क्लेटन पॉवेलने, किंग आणि रस्टिनबद्दल खोटी कुजबूज पसरवायची धमकी दिली आणि रस्टिनला किंग यांच्यापासून लांब व्हावं लागलं. १९६३ ला एनएएसीपीचे प्रमुख रॉय विल्किन्स यांनी त्याला मोर्चाचा प्रमुख करायला विरोध केला, तेव्हा ज्येष्ठ कामगार पुढारी ए. फिलिप रँडॉल्फनी पद स्वतःकडे घेतलं आणि रस्टिनला उपप्रमुख नेमलं. पाटी एकाची, काम दुसऱ्याचं. मोर्चाच्या पंधरा दिवस आधी स्ट्रॉम थर्मंड नावाच्या सिनेटरने सिनेटमध्ये उभं राहून त्याची अटक वाचून दाखवली, पण या वेळी पुढारी डगमगले नाहीत.

आता माझा मुद्दा. मोर्चानंतर लाईफ मासिकाच्या मुखपृष्ठावर फोटो कोणाचा होता? रँडॉल्फ आणि रस्टिनचा! म्हणजे १९६३ मध्ये लोक त्याला ओळखत होते. तो अज्ञात झाला तो नंतर, जेव्हा पाठ्यपुस्तकं लिहिली गेली, किंग यांच्या नावाने राष्ट्रीय सुट्टी आली आणि सगळी चळवळ एका भाषणात बसवायची सोय झाली. याला विसरणं म्हणत नाहीत.

संत्रानगरी

अरे पण नागपूर कसं राहिलं बे सगळ्यांच्या यादीतून 😀

जेम्स लॉसन. कोरियाच्या युद्धाच्या वेळी सैन्यात जायला नाही म्हटलं म्हणून तुरुंगात गेलेला तरुण काळा मेथडिस्ट. सुटल्यावर १९५३ मध्ये मिशनरी म्हणून आला तो थेट आपल्या नागपूरला, हिस्लॉप कॉलेजला. पोरांना खेळाचं कोचिंग करायचा आणि इकडे गांधींची अहिंसा समजून घेत होता. माँटगोमेरीत बसवर बहिष्कार पडलाय ही बातमी त्याने वाचली ती नागपूर टाइम्समध्ये! तिथे अलाबामात बाई सायक्लोस्टाईल फिरवत होती आणि इथे सिव्हिल लाइन्सकडच्या कॉलेजातला एक माणूस पेपर वाचून नाचायचा बाकी होता. मी जन्माची नागपूरकर, आणि हे मला कळलं केव्हा तर २०२४ मध्ये तो ९५ व्या वर्षी वारला तेव्हा कोणीतरी फॉरवर्ड पाठवला म्हणून. हद्द आहे ना.

परत गेल्यावर किंग यांची भेट झाली, ते म्हणाले थांबू नका, आत्ताच दक्षिणेत या. मग हा नॅशव्हिलला गेला आणि चर्चच्या तळघरात कॉलेजच्या पोरापोरींच्या कार्यशाळा घ्यायला लागला. तिथे काय चालायचं ते ऐका. काळ्यांना हॉटेलच्या काउंटरवर बसून खायला मनाई होती, तर अर्धी पोरं त्या काउंटरवर बसल्याचं नाटक करणार, अर्धी गोऱ्या गुंडांचं. खुर्ची ओढायची, तोंडावर सिगारेटचा धूर सोडायचा, शिव्या द्यायच्या, ढकलून पाडायचं, आणि बसलेल्याने हात उचलायचा नाही. पडलं तर डोकं कसं झाकायचं, शेजारच्याला मार पडतोय तर मधे अंग कसं घालायचं, हे पुन्हा पुन्हा, महिनोन्महिने. अहिंसा म्हणजे आपल्याला वाटतं मन मोठं असलं की झालं, याने त्याची कवायत करून घेतली.

फेब्रुवारी १९६० मध्ये ही पोरं खरोखरच्या काउंटरवर जाऊन बसली. लॉसन शिकत होता त्या विद्यापीठाने त्याला काढून टाकलं. एप्रिलमध्ये त्यांच्या वकिलाच्या घरावर बॉम्ब पडला, त्याच दिवशी हजारो लोक चालत महापौराकडे गेले आणि डायन नॅश नावाच्या २१ वर्षांच्या मुलीने पायऱ्यांवरच त्याला विचारलं की केवळ रंगावरून माणसात भेद करणं चूक आहे असं तुम्हाला वाटतं का. तो माणूस म्हणाला, हो वाटतं. तीन आठवड्यांत काउंटर उघडले. जॉन लुईस, जो पुढे खासदार झाला, तोही याच तळघरातला विद्यार्थी.

खडूफळा

मी प्रौढ साक्षरतेचे वर्ग घेतलेत काही वर्षं, त्यामुळे मला या सगळ्यांत जवळची वाटते ती सेप्टिमा क्लार्क. दक्षिण कॅरोलिनात चाळीस वर्षं शिक्षिका. १९५६ मध्ये राज्याने कायदा केला की सरकारी नोकराने एनएएसीपीचं सभासद असायचं नाही, बाईंनी सभासदत्व सोडलं नाही, नोकरी गेली, पेन्शनही गेली. ती पेन्शन परत मिळाली १९७६ ला, म्हणजे वीस वर्षांनी! मग त्या हायलँडरला कामाला लागल्या, हो तेच शिबिर जिथे रोझा पार्क्स गेल्या होत्या, आणि ती कार्यशाळा घेणाऱ्याही, नोकरी जायच्या आधीच, क्लार्कबाईच होत्या.

अडचण अशी होती की मतदार नोंदणीला गेलं की राज्यघटनेचा उतारा वाचायला द्यायचे. वाचता आला नाही, घरी जा. मिसिसिपीत तर वाचून अर्थही लिहायचा, २८५ कलमांतलं कुठलंही एक, आणि बरोबर आलं की चूक ते समोरचा गोरा कारकून ठरवणार.

पहिला वर्ग जानेवारी १९५७ मध्ये जॉन्स आयलंड नावाच्या बेटावर भरला, किराणा दुकानाच्या मागच्या खोलीत, दुकान पुढे अशासाठी की गोऱ्यांना मागे काय चाललंय कळू नये. शिकवायला मुद्दाम शिक्षिका न घेता बर्निस रॉबिन्सन नावाची केस करणारी बाई घेतली. का, तर शिकलेले मास्तर लोक या शेतमजुरांना कमी लेखतील ही भीती. हे वाचून मी पुस्तक मिटून बसले होते दहा मिनिटं, कारण मी ते पाहिलंय, साठीच्या बाईच्या हातातून खडू काढून घेऊन "असं नाही हो आजी" म्हणणारे मास्तर मी पाहिलेत आणि एक-दोनदा तशी मीच वागलेय.

रॉबिन्सननी पहिल्या दिवशीच सांगितलं की मी काही शिक्षिका नाही, आपण मिळून शिकू, तुम्हाला काय शिकायचंय? कोणाला स्वतःचं नाव लिहायचं होतं, कोणाला मनीऑर्डर आणि टपालाने माल मागवायचा फॉर्म भरायचा होता, कोणाला बायबल वाचायचं होतं. तिथून सुरुवात करून राज्यघटनेच्या उताऱ्यापर्यंत. असे वर्ग पुढे दक्षिणेत गावोगाव उघडले आणि त्यात शिकलेली माणसंच पुढचे वर्ग घ्यायला लागली.

शिल्लक काय असं विचारलंत ना, हा आकडा बघा. मिसिसिपीत १९६५ च्या मतदान हक्क कायद्याआधी मतदानयोग्य काळ्या लोकांपैकी ६.७ टक्के नोंदलेले होते, १९६७ मध्ये ५९.८ टक्के. कायद्याने दार उघडलं, केंद्राचे अधिकारी बसवले, कबूल, पण दारापर्यंत चालत आलेली माणसं या वर्गांनी आणि घरोघर फिरणाऱ्यांनी आधीच उभी केलेली होती. आता २०१३ मध्ये सुप्रीम कोर्टाने त्या कायद्याचा मोठा आधार काढून घेतला, शेल्बी काउंटी प्रकरणात, त्यामुळे "झालं एकदाचं" म्हणायची सोय नाही.

आणि हो, क्लार्कबाई किंग यांच्या संघटनेच्या कार्यकारिणीत होत्या तर तिथले एक मोठे पुढारी विचारायचे की या बाई इथे कशाला. उलटतपासणी यांच्या खात्यात ही आणखी एक नोंद.

पिंपळपान

इतकं लिहिलंत आणि एला बेकर नाही?? या सगळ्यांना एकत्र गुंफणारा धागा ती आहे. १९४० च्या दशकात एनएएसीपीसाठी दक्षिणेत गावोगाव फिरली, तेव्हा रात्री कोणाच्या घरी टेकायचं हेसुद्धा ठरवून ठेवावं लागायचं. किंग यांच्या संघटनेचं ऑफिस उभं केलं ते तिनं, पण ते सगळे पाद्री, त्यात ही पन्नाशीची तोंडावर बोलणारी बाई, कायमची प्रमुख कशी करतील. एप्रिल १९६० मध्ये काउंटरवर बसणाऱ्या विद्यार्थ्यांना तिनं स्वतःच्या जुन्या कॉलेजात, रॅले नावाच्या शहरात, एकत्र बोलावलं. मोठ्यांना वाटत होतं ही पोरं आपली युवा शाखा होतील. ती आडवी आली, म्हणाली पोरांना त्यांचं ते ठरवू द्या. त्यातून एसएनसीसी ही विद्यार्थ्यांची स्वतंत्र संघटना, लोक स्निक म्हणतात ती, जन्माला आली. तिचं म्हणणं साधं होतं, लोक खंबीर असले की खंबीर नेता लागत नाही.

म्हणून मला उलटतपासणींचं अर्धंच पटतं. बेकरबाईंचं कामच असं होतं की ते जमलं तर त्यांचं नाव राहणार नाही, गावातल्या माणसाला वाटणार हे मीच केलं, आणि ते खरंही असणार.

पण मग त्या गावातल्या माणसांचं काय? आपण इथे जी नावं घेतोय ती पुस्तकात निदान तळटीपेत आहेत. हर्बर्ट ली ऐका. मिसिसिपीतला शेतकरी, नऊ पोरं. स्निकचा बॉब मोझेस नोंदणीसाठी फिरायचा तेव्हा हा गाडीतून त्याला शेतकऱ्यांकडे न्यायचा, बस एवढंच. २५ सप्टेंबर १९६१ ला दिवसाढवळ्या कापसाच्या जिनसमोर राज्याच्या आमदाराने त्याला गोळी घातली. आमदार सुटला. ज्याने पाहिलं होतं त्या लुईस अ‍ॅलनला आधी खोटी साक्ष द्यायला लावली, आणि तो खरं बोलायला निघाला तर १९६४ च्या जानेवारीत तोही मारला गेला. लीच्या अंत्यविधीला त्याची बायको मोझेसकडे आली आणि छाती पिटत म्हणाली, तुम्ही मारलंत माझ्या नवऱ्याला. मोझेसने ते पुढे स्वतः सांगितलंय, झाकलं नाही. संघटक गावात येतो आणि जातो हो, गावातलं माणूस तिथेच राहतं.

बिनकामाचा_बाप

बाप रे, एवढं येईल वाटलं नव्हतं. दोनदा वाचलं. ते शेवटचं लेकीला आत्ता सांगितलं नाही, मोठी झाली की सांगेन. मलाच जड गेलं, आमच्याकडे एका पोराला आंदोलनात केस लागली होती आणि आम्ही दोन वर्षांनी त्याच्या तारखांना जायचं सोडलं, ते आठवलं.

लेकीनं भाषण बदललंय. आता सुरुवात मध्यरात्रीच्या मशीनपासून आहे आणि रोझा पार्क्स पाचव्या मिनिटाला येतात, सेक्रेटरी म्हणून. बाईंनी चालवून घेतलं तर बरं. आता तिचा प्रश्न, सायक्लोस्टाईल म्हणजे काय? मी झेरॉक्स म्हणून सांगितलं तर म्हणते मग रात्रभर का लागली.

शाईचे_डाग

झेरॉक्स नाही हो. मेणाचा एक पातळ कागद असतो, स्टेन्सिल, त्यावर टाईपरायटरची रिबन बाजूला करून टाईप करायचं म्हणजे अक्षराच्या जागी मेण कापलं जातं. एक अक्षर चुकलं तर लाल पातळ द्रव लावून फुंकर मारत बसायचं. मग तो कागद शाईच्या रुळावर चढवायचा आणि हँडल फिरवायचं, एका फेरीला एक कागद. कागद ओलसर निघतात, लगेच एकावर एक ठेवले की मागच्या बाजूला उमटतात. मी आमच्या युनियनची पत्रकं काढलीत त्यावर, शाई दोन दिवस नखांतून जात नाही. लेकीला सांगा, त्या सकाळी आठच्या तासाला बाईंनी हात कुठे लपवले असतील याचा विचार कर.